हक्कांची वाटणी : एलिनॉर रूझवेल्ट ह्यांचे जीवन



दरवर्षी १० डिसेंबर हा दिवस जगभर मानवी हक्क दिन म्हणून पाळला जातो. १९४८ साली ह्याच दिवशी पॅरिस येथे संयुक्त राष्ट्रसंघाने मानवी हक्कांचा जाहीरनामा मंजूर केला. ज्यांच्या अध्यक्षतेखाली तो तयार झाला त्या एलिनॉर रूझवेल्ट आपल्याला बहुधा अमेरिकेच्या एका राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी म्हणूनच ठाऊक असतात. माणसाचे हक्क एकत्र ठेवायचे की त्यांची वाटणी करायची, हा प्रश्न त्यांच्या आयुष्यात फार मोठा ठरला. एकदा त्यांनी ते हक्क एकत्र बांधले आणि थोड्याच वर्षांनी त्यांची वाटणी करण्याची बाजू त्यांनाच मांडावी लागली. त्यांची ही जीवनकहाणी आपण समजून घेऊ या.

पोरके बालपण

एलिनॉर ह्यांचा जन्म ११ ऑक्टोबर १८८४ रोजी न्यू यॉर्कमधील एका श्रीमंत घराण्यात झाला. घरात पैसा होता, पण सुख नव्हते. आई अतिशय रूपवान होती. मुलगी मात्र दिसायला साधी आणि स्वभावाने गंभीर. त्यामुळे आई तिला चारचौघांत आजीबाई म्हणे आणि ती लाजून चूर होई. ती आठ वर्षांची असताना आई वारली. पुढच्याच वर्षी धाकटा भाऊ गेला आणि १८९४ साली दारूच्या व्यसनाने खचलेले वडीलही गेले. दहाव्या वर्षाच्या आत ती पोरकी झाली. पुढे कडक शिस्तीच्या आजीने तिला वाढवले.

पंधराव्या वर्षी तिला लंडनजवळच्या एका शाळेत पाठवण्यात आले. तेथील फ्रेंच मुख्याध्यापिका मारी सुव्हेस्त्र ह्यांनी ह्या बुजऱ्या मुलीला स्वतःच्या डोक्याने विचार करायला शिकवले. १९०२ साली मायदेशी परतल्यावर श्रीमंत घरच्या मुलींसारखे मेजवान्यांत रमण्याऐवजी ती न्यू यॉर्कच्या गरीब वस्तीत स्थलांतरितांच्या मुलांना शिकवायला जाऊ लागली. तिच्याशी विवाह करू इच्छिणारा तरुण फ्रँकलिन रूझवेल्ट एकदा तिच्याबरोबर एका आजारी मुलीला घरी सोडायला गेला. त्या कोंदट खोल्या पाहून तो हादरला. माणसे अशा तऱ्हेने राहतात ह्याची त्याला कल्पनाच नव्हती.

१९०५ साली दोघांचा विवाह झाला. त्यांना सहा मुले झाली, त्यांपैकी एक तान्हेपणीच दगावले. १९१८ साली पतीचे दुसऱ्या स्त्रीशी असलेले संबंध हाती आलेल्या पत्रांवरून एलिनॉरबाईंना कळले. संसार मोडला नाही, पण मनाला बसलेला तो घाव कायमचा राहिला. १९२१ साली फ्रँकलिन ह्यांना पोलिओ झाला व त्यांचे पाय लुळे पडले. त्यांनी राजकारण सोडून घरी बसावे असे त्यांच्या आईचे मत होते. एलिनॉरबाईंनी ते मानले नाही. पतीला जाता येत नव्हते तेथे त्या स्वतः गेल्या, सभांतून बोलायला शिकल्या आणि लोकांत मिसळल्या.

१९३३ ते १९४५ ही बारा वर्षे फ्रँकलिन राष्ट्राध्यक्ष होते. त्या काळात एलिनॉरबाईंनी खाणकामगारांच्या, बेकारांच्या व कृष्णवर्णीयांच्या वस्त्या पालथ्या घातल्या. १९३९ साली मॅरियन अँडरसन ह्या कृष्णवर्णीय गायिकेला एका प्रतिष्ठित महिला संघटनेने आपले सभागृह नाकारले, तेव्हा एलिनॉरबाईंनी त्या संघटनेचा राजीनामा दिला. अखेर त्या वर्षीच्या ईस्टर रविवारी लिंकन स्मारकासमोर उघड्यावर ते गायन झाले आणि सुमारे ७५,००० लोकांनी ते ऐकले.

एका मेजाभोवती अठरा देश

१२ एप्रिल १९४५ रोजी फ्रँकलिन ह्यांचे निधन झाले. आता आपले सार्वजनिक जीवन संपले, असे एलिनॉरबाईंना वाटत होते. परंतु नवे राष्ट्राध्यक्ष ट्रुमन ह्यांनी त्यांना संयुक्त राष्ट्रसंघातील अमेरिकेच्या शिष्टमंडळावर नेमले. शिष्टमंडळातील पुरुषांनी त्यांना सामाजिक प्रश्नांच्या समितीवर पाठवले. तेथे ह्या बाईंच्या हातून फारसे काही बिघडणार नाही, असा त्यांचा हिशेब होता. पण महायुद्धाने बेघर झालेल्या लाखो निर्वासितांचा प्रश्न नेमका त्याच समितीपुढे आला. त्यांना इच्छेविरुद्ध मायदेशी धाडावे असा सोव्हिएत संघाचा आग्रह होता. एलिनॉरबाईंनी वादात त्यांचा मुरब्बी प्रतिनिधी व्हिशिन्स्की ह्यांना तोंड दिले आणि मतदानात बाजी मारली.

१९४७ साली मानवी हक्क आयोगाचे काम सुरू झाले आणि एलिनॉरबाई त्याच्या अध्यक्षा झाल्या. आयोगावर अठरा देशांचे प्रतिनिधी होते. त्यांत दोनच स्त्रिया : एक एलिनॉरबाई आणि दुसऱ्या भारताच्या हंसा मेहता, ज्या मुंबईतून आपल्या घटना समितीवर निवडून गेल्या होत्या. जाहीरनाम्याच्या पहिल्या कलमातील पुरुषवाचक शब्दाला हंसाबाईंनी हरकत घेतली. त्यात स्त्रियाही आल्याच, असे एलिनॉरबाईंना वाटत होते. पण हंसाबाईंनी आग्रह सोडला नाही आणि आज त्या कलमात सर्व मानव असा अर्थ आहे.

फेब्रुवारी १९४७ मध्ये एलिनॉरबाईंनी तिघांना आपल्या घरी चहाला बोलावले. लेबनॉनचे चार्ल्स मलिक हे तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक व श्रद्धावंत ख्रिस्ती. त्यांचा ओढा संत थॉमस अक्वायनस ह्यांच्या विचाराकडे होता. चीनचे चांग ह्यांना हा दस्तऐवज केवळ पाश्चात्त्य विचारांचा नको होता. मसुदा लिहिणाऱ्यांनी आधी काही महिने कन्फ्यूशियसचा अभ्यास करावा, असा सल्ला त्यांनी दिला. तिसरे होते कॅनडाचे हंफ्री, ज्यांनी पुढे पहिला कच्चा मसुदा तयार केला. दोन तत्त्वज्ञांची चर्चा इतकी उंच गेली की एलिनॉरबाई मुकाट्याने चहा ओतत राहिल्या. त्यांनी एक गोष्ट मात्र हेरली. माणसाला हक्क का आहेत ह्यावर हे लोक एकमत होणार नाहीत. कोणते हक्क आहेत ह्यावर मात्र होऊ शकतील.

दुसरा वाद अधिक अवघड होता. पाश्चात्त्य देश मतस्वातंत्र्य, धर्मस्वातंत्र्य आणि निष्पक्ष न्याय ह्यांवर भर देत. सोव्हिएत गट काम, अन्न आणि निवारा पुढे करी. अमेरिकन सरकारमधील अनेकांना अन्न-निवारा हे हक्कच वाटत नव्हते. एलिनॉरबाईंनी वस्त्यांमधील उपासमार डोळ्यांनी पाहिली होती. आपल्याच सरकारचे मन वळवून त्यांनी दोन्ही प्रकारचे हक्क एकाच जाहीरनाम्यात आणले. फ्रान्सचे रने कासँ ह्यांनी मसुद्याला घाट दिला. तीस कलमांच्या ह्या जाहीरनाम्यात छळापासून मुक्तता आणि आजारपणातील सुरक्षितता, मताचा हक्क आणि शिक्षणाचा हक्क शेजारी शेजारी बसले. १० डिसेंबर १९४८ रोजी ४८ देशांनी बाजूने मत दिले. आठ देश तटस्थ राहिले. विरोधात एकही मत पडले नाही.

एकाचे दोन झाले

जाहीरनामा हे नैतिक वचन होते. देशांना कायद्याने बांधील करणारा करार अजून व्हायचा होता. १९५० साली राष्ट्रसंघाने सर्व हक्कांचा एकच करार करावा असे ठरवले. पण शीतयुद्धाचा काळ सुरू होता. पाश्चात्त्य देशांचे म्हणणे असे की, छळ थांबवणे हे सरकारला आज जमते आणि त्यासाठी न्यायालयात दादही मागता येते. सर्वांना काम आणि घर देण्यास मात्र पैसा आणि काळ लागतो. त्यामुळे करार दोन हवेत. ह्या म्हणण्यात तथ्य नव्हते असे नाही. आपल्या राज्यघटनेतही मूलभूत हक्क एका भागात व मार्गदर्शक तत्त्वे दुसऱ्या भागात आहेत. भारतानेही दोन करारांना पाठिंबा दिला.

अमेरिकेची ही बाजू मांडण्याचे काम एलिनॉरबाईंकडे आले. त्यांच्या देशाच्या सिनेटमध्ये आर्थिक हक्कांना कडवा विरोध होता. निदान अर्धा करार तरी पदरात पडावा, हा व्यवहार त्यांनी पाहिला. फेब्रुवारी १९५२ मध्ये राष्ट्रसंघाने दोन वेगळे करार करण्याचा निर्णय घेतला. वाटणीचे फळ मात्र अमेरिकेनेही घेतले नाही. नवे राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर ह्यांनी एलिनॉरबाईंचा राजीनामा स्वीकारला आणि एप्रिल १९५३ मध्ये त्यांच्या सरकारने आपण कोणत्याही करारात सामील होणार नाही असे जाहीर केले.

त्यांच्या कार्यावर आणखी एक सावली आहे. १९४७ साली ड्यू बॉईस ह्या कृष्णवर्णीय विचारवंतांनी अमेरिकेतील वंशभेदाविरुद्ध राष्ट्रसंघाकडे अर्ज केला. त्यामागील संघटनेच्या संचालक मंडळावर एलिनॉरबाई स्वतः होत्या, तरी तो अर्ज आयोगापुढे मांडण्यास त्यांनी नकार दिला. सोव्हिएत गट त्याचे भांडवल करील अशी त्यांना भीती होती. मॅरियन अँडरसनसाठी राजीनामा देणारी हीच स्त्री देशाची प्रतिनिधी म्हणून येथे अडली. थोर माणसेही आपल्या जागेने बांधली जातात, हे त्यांचे चरित्र वाचताना विसरता येत नाही.

७ नोव्हेंबर १९६२ रोजी, वयाच्या ७८ व्या वर्षी न्यू यॉर्क येथे त्यांचे निधन झाले. दोन्ही करार तोवर कागदावरच होते. ते १९६६ साली मंजूर झाले आणि १९७६ साली अंमलात आले. भारत १९७९ साली दोहोंत सामील झाला. अमेरिकेने १९९२ साली फक्त नागरी व राजकीय हक्कांचा करार पक्का केला. चीनने २००१ साली फक्त आर्थिक व सामाजिक हक्कांचा. वाटणी झाली की प्रत्येक जण आपल्या सोयीचा हिस्सा उचलतो, तसेच हे झाले.

पुन्हा जोडण्याचे काम

एलिनॉरबाई एपिस्कोपल पंथाच्या होत्या. १९४९ साली कॅथलिक शाळांना सरकारी मदत द्यावी की नाही ह्यावरून त्यांचा व न्यू यॉर्कचे कार्डिनल स्पेलमन ह्यांचा जाहीर खटका उडाला. नंतर कार्डिनल स्वतः त्यांच्या घरी गेले आणि वाद मिटला. त्यांच्या मृत्यूनंतर पाच महिन्यांनी, ११ एप्रिल १९६३ रोजी, पवित्र गुरुवारी, पोप योहान तेविसावे ह्यांचे ‘पृथ्वीवर शांती’ हे विश्वपत्र प्रसिद्ध झाले. जाहीरनामा मंजूर झाला तेव्हा ते पॅरिसमध्येच पोपचे राजदूत होते. त्यातील काही मुद्द्यांवर आक्षेप असल्याचे नमूद करूनही त्यांनी जाहीरनाम्याचा गौरव केला. त्यांच्या पत्रात जगण्याचा, अन्न-वस्त्राचा, औषधोपचाराचा, उपासनेचा आणि सार्वजनिक जीवनात भाग घेण्याचा हक्क एकाच यादीत येतो, कारण हे सारे त्यांनी एकाच माणसाच्या प्रतिष्ठेतून काढले आहेत.

आपल्या न्यायालयांनीही ही वाटणी कमी केली. मुंबईच्या पदपथांवर राहणाऱ्यांना हटवण्याविरुद्धचा ओल्गा टेलिस खटला १९८५ साली सर्वोच्च न्यायालयाने निकाली काढला. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड ह्यांच्या पीठाने म्हटले की, जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो; रोजीरोटी काढून घेतली तर जगणेच हिरावले जाते. पदपथावरील झोपड्या मात्र त्या निकालाने कायमच्या वाचल्या नाहीत. १९९३ साली व्हिएन्ना येथील जागतिक परिषदेत १७१ देशांनी सर्व मानवी हक्क अविभाज्य आहेत असे मान्य केले.

तरी वाटे वाढतच गेले. आज राष्ट्रसंघाचे नऊ प्रमुख मानवी हक्क करार आहेत : वंशभेद, स्त्रिया, छळ, बालके, स्थलांतरित कामगार, अपंग, बेपत्ता केलेल्या व्यक्ती आणि ते मूळचे दोन. प्रत्येकाची समिती वेगळी. परदेशात घरकामाला गेलेली, पायाने अधू असलेली एखादी आई डोळ्यांपुढे आणा. तिच्या एका दुःखाचे तुकडे चार समित्यांच्या चार कागदांवर पडतात. ह्या वेगळेपणाचा फायदाही आहे. अपंगांच्या अडचणी सर्वसाधारण करारांत कोपऱ्यात पडल्या होत्या, त्या २००६ च्या करारामुळे उजेडात आल्या. शिवाय बालकांच्या १९८९ च्या आणि अपंगांच्या ह्या करारात स्वातंत्र्य आणि पोटापाण्याचे हक्क पुन्हा एकाच छपराखाली आले. वेगळे वाटे करताना समोरचे माणूस एकच आहे ह्याचा विसर पडला की घोटाळा होतो.

१९६८ साली राष्ट्रसंघाने एलिनॉरबाईंना मरणोत्तर मानवी हक्क पुरस्कार दिला. मोठे हक्क घराजवळच्या लहान जागी पाळले गेले नाहीत तर त्यांना अर्थ नाही, असे त्या उतारवयात सांगत. आपणही ते आपल्या गावापुरते तपासून पाहावे. ज्याच्या हाती आपण तांदळाची पिशवी देतो, त्याचे म्हणणे ऐकायला आपण थांबतो का? आणि ग्रामसभेत ज्याला हात वर करण्याचा हक्क आहे, त्याच्या घरी आज औषधाला पैसे आहेत का? हे दोन्ही प्रश्न एकाच माणसाबद्दल विचारायला हवेत.

– प्रमुख धर्मगुरू