राजेंद्र जक्कल

राजेंद्र यल्लप्पा जक्कल (मृत्यू: २७ नोव्हेंबर १९८३, येरवडा, पुणे) हा जोशी-अभ्यंकर हत्याकांड या नावाने ओळखल्या जाणाऱ्या खून-मालिकेचा सूत्रधार होता. पुण्यातील अभिनव कला महाविद्यालयात तो व्यावसायिक कलेचा विद्यार्थी होता. दिलीप सुतार, शांताराम जगताप व मुनव्वर शाह हे त्याचे प्रमुख साथीदार होत. जानेवारी १९७६ ते मार्च १९७७ या काळात या टोळीने दहा जणांचे प्राण घेतले.

गुन्हे

जक्कलच्या पहिल्या व अखेरच्या गुन्ह्यात ओळख हेच मुख्य साधन होते. १५ जानेवारी १९७६ रोजी त्याने वर्गमित्र प्रकाश हेगडे याला विश्वासाने सोबत नेले. घर सोडून जात असल्याचे पत्र त्याच्याकडून बळजबरीने लिहवून घेण्यात आले. खुनानंतर मृतदेह लोखंडी पिंपात घालून सारसबागेलगतच्या पेशवे उद्यानातील तळ्यात टाकण्यात आला आणि वडिलांकडे खंडणीची मागणी झाली.

३१ ऑक्टोबर १९७६ रोजी विजयानगर कॉलनीतील जोशी कुटुंबातील तिघांचा, तर १ डिसेंबर रोजी भांडारकर रस्त्यावरील बंगल्यात संस्कृत व्याकरणाचे थोर अभ्यासक काशिनाथशास्त्री अभ्यंकर यांच्यासह पाच जणांचा खून झाला. दोन्ही ठिकाणी लुटीसाठी नायलॉनच्या दोरीने गळे आवळण्यात आले. त्यानंतर पुण्यात इतकी दहशत पसरली, की सायंकाळनंतर रस्ते ओस पडत.

तपास व अटक

२३ मार्च १९७७ रोजी महाविद्यालयीन मित्राचा धाकटा भाऊ अनिल गोखले जक्कलसोबत मोटारसायकलवरून गेला. दुसऱ्याच दिवशी त्याचा शिडीला बांधलेला मृतदेह नदीत वर आला. चौकशीत मित्रमंडळींच्या जबान्यांत विसंगती आढळल्या. अखेर त्यांतील एकाचा धीर सुटला. हेगडेचा मृतदेह असलेले पिंप तळ्यातून काढल्यावर सर्व गुन्ह्यांचा उलगडा झाला. ज्या मैत्रीच्या आधारे जक्कलने सावज गाठले, तीच त्याच्या विरोधात गेली.

खटला व शिक्षा

१५ मे १९७८ रोजी सुरू झालेल्या खटल्यात एक वर्गमित्र माफीचा साक्षीदार झाला. २८ सप्टेंबर रोजी न्यायाधीश वा. ना. बापट यांनी चौघांना फाशीची शिक्षा सुनावली. उच्च न्यायालयाने ती कायम केली व सर्वोच्च न्यायालयात आरोपींना दिलासा मिळाला नाही. २७ नोव्हेंबर १९८३ रोजी येरवडा कारागृहात चौघांना फाशी देण्यात आली.

या प्रकरणावर आधारित 'माफीचा साक्षीदार' या मराठी चित्रपटात नाना पाटेकर यांनी भूमिका केली आहे.