सावेदादा : कुस्ती कॅमेऱ्यात पकडणारा माणूस

आपल्या बेळगाव-निपाणी पट्ट्यात कुस्तीचे मैदान म्हटले की गाव लोटते. पण कुस्ती चलच्चित्राच्या कॅमेऱ्यात प्रथम पकडणारा भारतीय कोण, असे विचारले तर नाव चटकन आठवत नाही. ते होते हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, अर्थात सावेदादा.

जन्म १८६८ चा. मुंबईत त्यांचा फोटोग्राफीचा व्यवसाय होता. ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या हलत्या चित्रांचा पहिला खेळ झाला. तिकीट एक रुपया. त्या खेळांनी सावेदादा भारून गेले आणि त्यांनी लंडनहून रायली कंपनीचा कॅमेरा मागवला. किंमत २१ गिनी. बँकेत उमर गेल्यामुळे हिशेब केल्याशिवाय मला राहवत नाही. गिनी म्हणजे २१ शिलिंग आणि पौंडाला तेव्हा १५ रुपये. म्हणजे कॅमेरा सुमारे ३३० रुपयांना पडला. ज्या धंद्याची बाजारपेठच नव्हती, त्यात एवढी रक्कम घालणे हे धाडसच.

१८९९ मध्ये हँगिंग गार्डनवर पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या दोन मल्लांची कुस्ती त्यांनी टिपली. फिल्म धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागली. पुढची फीत माकडांना खेळ शिकवणाऱ्या मदाऱ्याची. राजेरजवाड्यांच्या आधी त्यांनी मल्ल आणि मदारी निवडले, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते. पारशी समाजाच्या आतश बेहराम या अग्निमंदिराचेही चित्रण त्यांनी केले.

केंब्रिजला सीनियर रँग्लर झालेले पहिले भारतीय रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मायदेशी परतले. मुंबईत त्यांचे जंगी स्वागत झाले, तिथे सावेदादा कॅमेरा घेऊन हजर! भारतातील पहिली वृत्तफीत म्हणून तिचा उल्लेख होतो. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यायला अजून बारा वर्षे होती.

पुढे त्यांनी कॅमेरा विकला आणि गेईटी थिएटरचे व्यवस्थापन पाहिले. १९५८ साली, नव्वदीच्या घरात, ते गेले.

त्यांच्या फिती मात्र उरल्या नाहीत. बँकेत आम्ही जुनी लेजरसुद्धा वर्षानुवर्षे रेकॉर्ड रूममध्ये जपत असू. इथे देशाच्या चित्रपटाचे पहिले पानच हरवले.

आपल्या भागाचे नशीब त्या मानाने बरे. निपाणीच्या तंबाखू वखारींत राबणाऱ्या आणि संघटित झालेल्या बायकांवर युगांतर या गटाने १९८२ मध्ये माहितीपट केला. तो टिकला आहे. त्यात त्या बायका दिसतात, बोलतात. पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी यांच्यात कुस्ती कोणी मारली, हे पाहायची सोय मात्र आता नाही.