नजीब अल-रिहानी
नजीब अल-रिहानी (२१ जानेवारी १८८९ – ८ जून १९४९) हे इजिप्तचे नाट्य व चित्रपट अभिनेते, नाटककार आणि नाट्यनिर्माते होते. अरबी रंगभूमीवरील श्रेष्ठ विनोदी नटांत त्यांची गणना होते. त्यांची हयात रंगभूमीवर गेली आणि चित्रपट त्यांनी मोजकेच केले. तथापि पुढील पिढ्यांना ते परिचित झाले ते मुख्यतः या चित्रपटांमुळेच.

सुरुवातीचे जीवन

रिहानी यांचा जन्म कैरो येथे झाला. वडील मोसूलहून आलेले ख्रिस्ती, तर आई इजिप्तमधील कॉप्टिक समाजातील होती. फ्रेंच शाळेतील शिक्षणानंतर त्यांनी बँकेत आणि पुढे नाग हम्मादी येथील साखर कंपनीत नोकरी केली. परंतु नाटकाच्या ओढीपुढे नोकरी टिकली नाही. अझीझ ईद यांच्यासोबत काम करीत ते रंगभूमीवर स्थिरावले. त्यांना खरे आकर्षण शोकात्म भूमिकांचे होते.

किशकिश बे

लौकिक मात्र विनोदाने दिला. १९१६ मध्ये त्यांनी किशकिश बे हे पात्र रंगमंचावर आणले. खेड्यातील हा सधन, वयस्क मुखिया कैरोत येऊन सुंदर स्त्रियांच्या नादाने पैसा उधळतो. हे पात्र अफाट लोकप्रिय झाले. बदी खैरी यांचे लेखन आणि सय्यद दरवेश यांचे संगीत लाभल्यावर या हलक्याफुलक्या खेळांना राष्ट्रीय भावनेचाही स्पर्श झाला. १९२४ मध्ये रिहानी यांनी नर्तकी बदिया मसाबनी यांच्याशी विवाह केला. पुढे दोघे विभक्त झाले.

किशकिशच्या चौकटीतून बाहेर पडणे सोपे नव्हते. मार्सेल पान्योल यांच्या 'तोपाझ'वरून बेतलेले 'अल-गिनेह अल-मसरी' हे नाटक त्यांनी १९३१ मध्ये सादर केले. पैशापुढे झुकणाऱ्या समाजावरील हे बोचरे नाटक प्रेक्षकांनी तेव्हा स्वीकारले नाही.

चित्रपट

नियाझी मुस्तफा दिग्दर्शित 'सलामा फी खैर' (१९३७) मध्ये त्यांना पडद्यावर आपला सूर गवसला. यातील सलामा हा कापडदुकानातील शिपाई. मालकाची मोठी रक्कम त्याच्या हाती असते आणि बँक बंद झालेली असते. पैसे सुरक्षित राहावेत म्हणून तो हॉटेलात उतरतो आणि तेथे त्याला राजपुत्र म्हणून वावरावे लागते. 'सी उमर' (१९४१) व 'लुअबत अल-सित' (१९४६) हे त्यांचे अन्य उल्लेखनीय चित्रपट होत. तोंडावर बावरलेला भाव ठेवून, आवाज न चढवता हसवणे ही त्यांची खासियत होती. किशकिशच्या भडक सोंगापासून ती फार दूरची होती.

अन्वर वगदी दिग्दर्शित 'गझल अल-बनात' (१९४९) हा त्यांचा अखेरचा चित्रपट. (अरबीत हे साखरेच्या कापसासारख्या मिठाईचेही नाव आहे.) नोकरी गमावलेले अरबीचे गरीब शिक्षक हमाम एका पाशाच्या मुलीची शिकवणी धरतात आणि तिच्या प्रेमात पडतात. ही भूमिका लैला मुराद यांनी केली आहे. मुलीचे मन दुसरीकडे असते. शेवटाकडे मुहम्मद अब्दुल वहाब यांचे गाणे ऐकताना हमामचे डोळे भरून येतात. शब्दांवाचून केलेला हा अभिनय चित्रपटातील सर्वोत्तम भाग ठरतो. तरुणपणी शोकात्म भूमिकांची आस धरणाऱ्या या नटाला ती संधी अशी विनोदी चित्रपटातच मिळाली. चित्रपट प्रदर्शित होण्यापूर्वीच, वयाच्या ६०व्या वर्षी, रिहानी यांचे तापाच्या आजाराने निधन झाले.