पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर : चौंडीचे अंगण ते महेश्वरची गादी

तीर्थयात्रेस निघालेला भाविक काशीस जावो, गयेस जावो, सोरटी सोमनाथास जावो अथवा वेरूळच्या घृष्णेश्वरास जावो, एक नाव त्याच्या कानी पडल्यावाचून राहत नाही. कोठे घाटाची पायरी, कोठे धर्मशाळेची ओसरी, कोठे विहीर, तर कोठे प्रत्यक्ष देवाचा गाभारा त्या नावाशी जोडलेला असतो. ते नाव म्हणजे पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर. त्यांनी उभारलेल्या वास्तूंची माहिती अनेक ठिकाणी वाचावयास मिळते. तथापि ज्या बालपणात या दातृत्वाचे बीज पेरले गेले, त्याचा परिचय भाविकांना फारसा नसतो. तो करून द्यावा, हा या लेखाचा हेतू आहे.

जन्म व माता-पिता

अहिल्याबाईंचा जन्म दि. 31 मे 1725 रोजी चौंडी या गावी झाला. सीना नदीच्या परिसरातील हे लहानसे गाव जामखेड तालुक्यात असून पूर्वीच्या अहमदनगर जिल्ह्यात मोडत असे. सन 2024 मध्ये या जिल्ह्याचे नाव अहिल्यानगर असे करण्यात आले. पिता माणकोजी शिंदे हे गावचे पाटील होते. मातेचे नाव सुशीलाबाई. घराणे धनगर समाजातील, सात्त्विक व धर्मपरायण. घरी राजवैभव नव्हते, परंतु अन्नवस्त्राची ददातही नव्हती. अशा घरी ही कन्या मायेच्या सावलीत वाढू लागली.

त्या काळी पाटलाचा वाडा म्हणजे साऱ्या गावाचे आश्रयस्थान असे. सरकारसारा गोळा करणे, गावातील तंटेबखेडे पंचांसमवेत मिटविणे, गावकामाची व्यवस्था पाहणे ही पाटलाची कामे होती. दारी आलेल्या वाटसरूस व गोसाव्या-बैराग्यांस विन्मुख न पाठविणे हा अशा घराचा कुळाचार मानला जाई. चौंडीच्या या कन्येला घराचा उंबरठा न ओलांडताही जग दिसले, ते या अंगणात. उपाशी माणूस दारात आला की प्रथम पाणी, मग अन्न आणि त्यानंतर चौकशी, हा क्रम तिने ग्रंथातून नव्हे, तर आईच्या स्वयंपाकघरातून शिकला असेल, असे म्हणावयास हरकत नाही.

पित्याने दिलेले अक्षरधन

अठराव्या शतकात सामान्य घरातील मुलींना लिहावयास-वाचावयास शिकविण्याची रीत नव्हती. मुलीने पाणी आणावे, जाते ओढावे, चूल सांभाळावी आणि लहान वयातच सासरी जावे, असा प्रघात होता. माणकोजींनी मात्र आपल्या कन्येस घरीच लिहिण्यावाचण्याची ओळख करून दिली. धूळपाटीवर अक्षरे गिरविण्याचा तो काळ. लोकनिंदेची पर्वा न करता एका ग्रामीण पित्याने लेकीस दिलेले हे धन पुढे एका राज्याच्या उपयोगी पडणार होते. त्या समयी मात्र ते कोणाच्या स्वप्नातही नव्हते.

घरच्या देवपूजेमुळे लहान वयातच तिला शिवभक्तीची गोडी लागली. सीनेच्या वाळवंटात ही मुलगी वाळूची पिंड करून तिची पूजा करीत असे, असे लोककथेत सांगतात. एकदा सैन्यातील घोडा उधळून तिच्या दिशेने आला. सोबतच्या मुली पळाल्या, परंतु अहिल्या पिंडीवर ओणवी होऊन तेथेच राहिली, अशी ती आख्यायिका आहे. कथेचा मथितार्थ स्पष्ट आहे. जिला सर्वांनी जपले, ती स्वतः वाळूच्या पिंडीस जपत होती.

आठव्या वर्षी सासर

सुभेदार मल्हारराव होळकर हे थोरल्या बाजीराव पेशव्यांचे विश्वासू सरदार. जेजुरीजवळील होळ हे त्यांचे मूळ गाव. बालपणी पितृछत्र हरपल्याने ते खानदेशातील तळोदे येथे मामा भोजराज बारगळ यांच्या आश्रयाने वाढले आणि स्वपराक्रमाने माळव्याचे सुभेदार झाले. मामांची कन्या गौतमाबाई ही त्यांची पत्नी. चौंडीच्या मुक्कामी देवालयात दर्शनास आलेल्या लहानग्या अहिल्येस मल्हाररावांनी पाहिले आणि तिची नम्रता व तेज पाहून तिला सून करून घेण्याचे ठरविले, असे परंपरेने सांगितले जाते. सन 1733 मध्ये मल्हाररावांचे पुत्र खंडेराव यांच्याशी तिचा विवाह झाला. त्या वेळी तिचे वय अवघे आठ वर्षांचे, तर खंडेराव दहा वर्षांचे होते.

ज्या वयात आज मुली तिसरीच्या वर्गात असतात, त्या वयात आईचा पदर सोडून परक्या घरी जावयाचे, ही त्या काळची रीत होती. तिच्यातील कठोरपणा आज आपणांस जाणवतो. पाटलाच्या अंगणातून ती सुभेदाराच्या वाड्यात आली. येथे सतत स्वाऱ्यांची धामधूम, जासूदांची ये-जा, हत्ती, घोडे व तोफा होत्या. अशा घरी तिला पुन्हा आईची माया मिळाली, ती सासूबाईंच्या रूपाने.

गौतमाबाईंची शिकवण

गौतमाबाई अत्यंत करारी, व्यवहारदक्ष व धर्मनिष्ठ होत्या. त्यांनी सुनेस पदराखाली घेतले, परंतु केवळ लाडात ठेवले नाही. सन 1734 मध्ये पेशव्यांकडून होळकर घराण्यास गौतमाबाईंच्या नावे स्वतंत्र खासगी जहागीर मिळाली. दौलतीचे उत्पन्न निराळे आणि खासगीचे निराळे. दौलतीच्या पैशातून फौजफाटा व राज्यकारभार चालवावयाचा, तर खासगीवर घरातील स्त्रीची सत्ता असे. विवाहानंतर अवघ्या वर्षभरात झालेली ही व्यवस्था अहिल्येने बालवयापासून पाहिली. स्वतःच्या हक्काचा पैसा कोणता आणि रयतेचा कोणता, हा भेद तिच्या मनावर त्या वयातच ठसला.

मल्हाररावांनीही सुनेच्या बुद्धीची पारख केली. माहेरी झालेली अक्षरओळख येथे कामी आली. वसुलीचे हिशेब पाहणे, पत्रव्यवहार सांभाळणे, फौजेस रसद पोहोचविणे, तोफखान्यासाठी दारूगोळ्याची तजवीज करणे अशी कामे ते क्रमाक्रमाने तिच्यावर सोपवीत गेले. सन 1765 मधील एका पत्रात ग्वाल्हेरीस मुक्काम करून तोफखान्याची व्यवस्था लावण्याविषयी त्यांनी सुनेस कळविले आहे. चौंडीच्या धूळपाटीवर सुरू झालेले शिक्षण असे छावणीपर्यंत येऊन पोहोचले. सन 1745 मध्ये पुत्र मालेराव व सन 1748 मध्ये कन्या मुक्ताबाई यांचा जन्म झाला.

एकामागून एक छत्रे हरपली

सन 1754 मध्ये जाटांच्या कुंभेर किल्ल्यास वेढा पडला असता तोफेचा गोळा लागून खंडेराव धारातीर्थी पडले. अहिल्याबाईंनी तत्कालीन रीतीप्रमाणे सती जाण्याची सिद्धता केली. पुत्रशोकाने व्याकूळ झालेल्या मल्हाररावांनी त्यांना परावृत्त केले. आता तूच माझा पुत्र, या वृद्धास टाकून जाऊ नकोस, अशा आशयाची विनवणी त्यांनी केली. अहिल्याबाईंनी ती मान्य केली आणि उर्वरित आयुष्य प्रजेच्या सेवेस वाहिले. वडीलधाऱ्या माणसाने त्या क्षणी घातलेले हे पांघरूण नसते, तर आज ज्या घाटांवर व धर्मशाळांत आपण विसावतो, त्यांतील कितीतरी उभ्याच राहिल्या नसत्या.

सन 1761 मध्ये गौतमाबाई निवर्तल्या आणि खासगीचा कारभार सुनेकडे आला. सन 1766 मध्ये आलमपूर येथे मल्हाररावांचे देहावसान झाले. मालेराव गादीवर आले, परंतु वर्षाच्या आतच, सन 1767 मध्ये, तेही मृत्यू पावले. पती, सासू, सासरे व पुत्र असे चारही आधार तेरा वर्षांत गेले. एकट्या स्त्रीच्या हाती राज्य पाहून ते घशात घालण्याचे बेत रचले गेले. राघोबादादा फौजेनिशी चालून आले असता अहिल्याबाईंनी न डगमगता युद्धाची तयारी केली. स्त्रियांचे पथकही सज्ज केले. अखेर राघोबादादांना माघार घ्यावी लागली. माधवराव पेशव्यांनी त्यांच्या कारभारास मान्यता दिली. तुकोजी होळकरांकडे फौजेची जबाबदारी सोपवून अहिल्याबाईंनी नर्मदातीरी महेश्वर येथे राजधानी केली.

आश्रिताची आश्रयदाती

महेश्वरी त्यांनी सुमारे अठ्ठावीस वर्षे राज्य केले. पहाटे उठून स्नान, पूजा, पुराणश्रवण व दानधर्म, दुपारनंतर सायंकाळपर्यंत दरबारात बसून स्वतः फिर्यादी ऐकणे, पुन्हा पूजा व अल्पाहार, आणि त्यानंतर रात्री उशिरापर्यंत राज्याचे कामकाज, असा त्यांचा दिनक्रम होता. बालपणी पाटलाच्या वाड्यात गावाची गाऱ्हाणी ऐकत वाढलेल्या मुलीस गरिबाची फिर्याद परकी वाटणे शक्य नव्हते. विणकरांना आश्रय देऊन त्यांनी महेश्वरी वस्त्रोद्योग भरभराटीस आणला. त्या वस्त्रांची कीर्ती आजही टिकून आहे.

काशी विश्वनाथाचे विद्यमान मंदिर त्यांनी सन 1780 मध्ये उभारले. सोमनाथ येथे सन 1783 मध्ये नवे मंदिर बांधून ज्योतिर्लिंगाची पूजाअर्चा पुनश्च सुरू केली. गयेचे विष्णुपद मंदिर सन 1787 मधील आहे. वेरूळच्या घृष्णेश्वराच्या जीर्णोद्धाराशी गौतमाबाई व अहिल्याबाई या सासू-सुनांची दोघींचीही नावे जोडलेली आहेत. याखेरीज घाट, विहिरी, बारवा, धर्मशाळा व अन्नछत्रे यांची उभारणी त्यांनी हिमालयापासून रामेश्वरापर्यंत केली. यांपैकी पुष्कळ क्षेत्रे त्यांच्या राज्याच्या सीमेबाहेर होती. उन्हाळ्यात नांगरास जुंपलेल्या बैलांना पाणी पाजण्यासाठीही माणसे नेमली होती, अशी नोंद आढळते.

मातेचे न शमलेले दुःख

इतक्या लोकांना सावली देणाऱ्या या मातेस एका जिवास मात्र वाचविता आले नाही. कन्या मुक्ताबाईंचा विवाह यशवंतराव फणसे यांच्याशी झाला होता. त्यांचा पुत्र नथ्याबा ऐन तारुण्यात वारला. पाठोपाठ सन 1791 मध्ये यशवंतरावही गेले. मुक्ताबाईंनी सती जाण्याचा निश्चय केला. सदतीस वर्षांपूर्वी मल्हाररावांनी आपणास जसे थांबविले, तसे लेकीस थांबविण्यासाठी अहिल्याबाईंनी राणीपण विसरून तिची परोपरीने विनवणी केली. लेक बधली नाही. नर्मदेच्या घाटावर उभे राहून मातेस ते पाहावे लागले. त्यानंतर तीन दिवस त्यांनी जवळजवळ अन्न घेतले नाही. मग डोळे पुसून त्या पुन्हा कामास लागल्या. दि. 13 ऑगस्ट 1795 रोजी वयाच्या सत्तराव्या वर्षी महेश्वर येथे त्यांनी देह ठेवला.

दानाचा आदर्श

अहिल्याबाईंचा दानधर्म मुख्यतः खासगीच्या उत्पन्नातून होत असे. दौलतीचा पैसा रयतेच्या संरक्षणाचा, त्यास देवाच्या नावानेही हात लावावयाचा नाही, हा त्यांचा दंडक होता. खासगीच्या धनावर तुळशीपत्र ठेवून त्यांनी ते धर्मकार्यास अर्पण केले, असे परंपरा सांगते. स्वतःच्या हक्काचे असेल तेच द्यावे, हिशेब चोख ठेवावा, आणि दिलेल्या दानातून देवाबरोबरच थकल्या वाटसरूचीही सोय व्हावी, ही तीन सूत्रे त्यांच्या कार्यात दिसतात. देवस्थानांस देणगी देणाऱ्या प्रत्येक दात्याने आणि ती स्वीकारणाऱ्या प्रत्येक विश्वस्ताने ती ध्यानी ठेवावीत.

दर्शनीय स्थळे

भाविकांनी सवड काढून चौंडी येथील जन्मस्थान व शिंदे यांचा वाडा अवश्य पाहावा. दरवर्षी 31 मे रोजी तेथे जयंतीचा सोहळा होतो. सन 2025 मध्ये त्यांच्या जन्मास 300 वर्षे पूर्ण झाली. महेश्वर येथे नर्मदेचा विस्तीर्ण घाट, राजवाड्यातील राजगादी, देवघर व अहिल्येश्वर मंदिर ही स्थळे दर्शनीय आहेत. महेश्वरची राजगादी अगदी साधी असून ती पाहताना चौंडीच्या पाटलाच्या ओसरीची आठवण झाल्यावाचून राहत नाही.

पुढे एखाद्या तीर्थी धर्मशाळेच्या ओसरीवर पाठ टेकताना भाविकांनी त्या आठ वर्षांच्या मुलीचेही स्मरण करावे. माहेरी व सासरी तिला जी माया मिळाली, तिची परतफेड तिने अवघ्या भारतवर्षातील यात्रेकरूंस केली.

पुण्यश्लोक अहिल्यादेवींच्या पवित्र स्मृतीस विनम्र अभिवादन!