जादूगार केळफा : दादासाहेब फाळके

आपल्या नाशिक जिल्ह्यात त्र्यंबकेश्वरला ३० एप्रिल १८७० रोजी धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म झाला. चित्रपटमहर्षी म्हणून ते सर्वांना ठाऊक आहेत. पण ते जादूगारही होते बरं का! एका जर्मन जादूगाराकडून ते जादू शिकले. 'फाळके' उलटं वाचा, 'केळफा' होतं. हेच त्यांचं जादूगाराचं नाव! १९१३ मध्ये 'राजा हरिश्चंद्र' दाखवल्यानंतर त्यांनी आपले जादूचे प्रयोगही कॅमेऱ्यात टिपले. हातचलाखी क्षणात संपते, फितीवर मात्र टिकते. पण फीतही जपावी लागते. 'राजा हरिश्चंद्र'चा आज काही भागच उरलाय. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला दादासाहेब गेले. आता मनमाडच्या आपल्या शाळेत जादूगार आला, तर त्याला विचारून मोबाईलवर चित्रण करा, आणि जपूनही ठेवा.