बटाट्याच्या शेतापासून सोन्याच्या खाणीपर्यंत : पत्रकार रूथ फर्स्ट

१९५९ च्या मध्यावर दक्षिण आफ्रिकेतील कृष्णवर्णीय वस्त्यांमध्ये बटाटा शिजणे बंद झाले. बटाटा हे गरिबाच्या ताटातले स्वस्त अन्न. ते सोडणे सोपे नव्हते. तरीही आफ्रिकन नॅशनल काँग्रेसने बहिष्काराची हाक दिली आणि लोकांनी ती मनावर घेतली. बेथल नावाच्या शेतीप्रधान भागात मजुरांना गुलामांसारखे राबवून हा बटाटा पिकवला जातो, हे तोवर घराघरांत पोहोचले होते. ते पोहोचवण्यात ज्यांचा वाटा सर्वांत मोठा होता, त्यांत एका गोऱ्या स्त्री पत्रकाराचे नाव अग्रभागी घ्यावे लागते. ते नाव रूथ फर्स्ट.

वर्णभेदाविरुद्धच्या लढ्याचा विषय निघाला की आपल्यापुढे नेल्सन मंडेला उभे राहतात आणि ते स्वाभाविकही आहे. पण वर्णभेद म्हणजे वेगळी बाके, वेगळ्या बस आणि वेगळ्या शाळा एवढेच नव्हते. त्या भिंतींच्या मागे मजुरीचा एक पक्का हिशेब होता. कोणी कुठे राहायचे, कोणी कुठे राबायचे आणि किती पैशांत राबायचे, हे त्या हिशेबावरून ठरत असे. तो हिशेब आयुष्यभर उलगडत राहिलेल्या या बाईंची हत्या मोझांबिकमध्ये झाली, तेव्हा त्याच खोलीत एक गोमंतकीयही जखमी झाला होता. त्यामुळे ही कथा वाटते तितकी आपल्यापासून दूरची नाही.

रूथ यांचा जन्म ४ मे १९२५ रोजी जोहान्सबर्गमध्ये झाला. वडील ज्युलियस फर्स्ट लाटव्हियातून, तर आई टिली लिथुआनियातून आलेल्या ज्यू कुटुंबातली. वडिलांचा फर्निचरचा कारखाना होता, घरची स्थिती चांगली होती. पण आईवडील दोघेही कम्युनिस्ट विचारांचे असल्याने सुखवस्तू गोऱ्या घरांत सहसा न होणाऱ्या चर्चा या मुलीच्या कानांवर बालपणापासून पडत होत्या.

विट्वॉटर्सरँड विद्यापीठात त्यांनी समाजशास्त्राचा अभ्यास केला. तिथे त्यांना जो मित्रपरिवार लाभला, तो त्या देशात दुर्मीळच होता. नेल्सन मंडेला, भारतीय वंशाचे इस्माईल मीर आणि जे. एन. सिंग, मोझांबिकहून शिकायला आलेले एदुआर्दो मोंडलाने हे सारे त्याच वर्तुळातले. मीर यांच्या खोलवड हाउसमधील बिऱ्हाडी ही मंडळी जमत. ज्या शहरात या तरुणांना एका उपाहारगृहात शेजारी बसता येत नव्हते, त्या शहरात त्या बिऱ्हाडाचे मोल वेगळे होते.

१९४६ मध्ये पदवी घेतल्यावर रूथ यांनी जोहान्सबर्ग नगरपालिकेच्या समाजकल्याण खात्यात नोकरी धरली. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सोन्याच्या खाणींतील सुमारे सत्तर हजार कृष्णवर्णीय कामगारांनी दिवसाला दहा शिलिंग मजुरीसाठी संप पुकारला. पोलिसांनी बळाचा वापर करून कामगारांना पुन्हा खाणीत ढकलले. त्यात काही कामगारांचे प्राण गेले आणि आठवड्याभरात संप मोडला. रूथ नोकरीचा राजीनामा देऊन संपकऱ्यांच्या मदतीला धावल्या. त्यानंतर त्या ‘द गार्डियन’ या दक्षिण आफ्रिकेतील डाव्या साप्ताहिकाच्या जोहान्सबर्ग कचेरीत रुजू झाल्या. इंग्लंडमधील त्याच नावाच्या दैनिकाशी या पत्राचा संबंध नव्हता.

पुढच्याच वर्षी, १९४७ मध्ये, पाद्री मायकेल स्कॉट यांच्यासोबत त्या बेथलला गेल्या. मक्याच्या आणि बटाट्याच्या त्या शेतांवर मजुरांच्या अंगात कपड्यांऐवजी गोणपाट होते. ते उघड्या हातांनी माती उकरून बटाटे काढत. मुकादमाच्या हाती चाबूक असे आणि रात्री मजुरांना कोंडवाड्यात बंद केले जाई. रूथ यांच्या बातमीने खळबळ माजली. पण त्या एका बातमीवर थांबल्या नाहीत. हे मजूर तिथे येतात कुठून, हा प्रश्न त्यांनी धरून ठेवला.

त्याचे उत्तर शहरातच होते. कृष्णवर्णीय माणसाने सतत जवळ पास, म्हणजे परवान्याचे पुस्तक, बाळगले पाहिजे असा कायदा होता. पास घरी राहिला किंवा त्यातला एखादा शिक्का जुना निघाला, की पोलीस भर रस्त्यात माणसाला उचलत. मग ठाण्यात त्याच्यापुढे दोन वाटा ठेवल्या जात. एक तर खटल्याला सामोरे जा, नाही तर शेतावर काम करण्याचा करार कर. अनेकांना कागदावर काय लिहिले आहे हे कळतही नसे. सकाळी कामाला निघालेला माणूस संध्याकाळी परतत नसे आणि तो कुठे गेला याचा घरच्यांना महिनोन्महिने पत्ता लागत नसे. पासचा कायदा हा शेतमालकांना स्वस्त मजूर पुरवणारा नळ आहे, हे रूथ यांच्या लेखनातून उघड होत गेले. १९५९ चा बहिष्कार याच माहितीच्या जोरावर उभा राहिला. न्यायालयांतही काही प्रकरणे गेली आणि अखेर सरकारला ती योजना स्थगित करून चौकशी नेमावी लागली. लेखणीमुळे सरकारने मागे सरण्याचे प्रसंग त्या काळात फार थोडे आले. त्यांतला हा एक होता.

त्यांच्या पत्रकारितेची रीत साधी पण कष्टाची होती. त्या घटनास्थळी जात, आकडे तपासत, कामगारांशी बोलत आणि मग लिहीत. १९५७ मध्ये अलेक्झांड्रा वस्तीच्या बसचे भाडे चार पेन्सवरून पाच झाले. त्या एका पेनीसाठी हजारो माणसे काही महिने रोज मैलोन्मैल पायी चालत कामावर गेली. ज्यांना ही वाढ क्षुल्लक वाटत होती, त्यांना रूथ यांनी मजुराच्या महिन्याच्या मिळकतीत एका पेनीचा अर्थ काय होतो, हे समजावून दिले.

सरकारही स्वस्थ बसले नव्हते. १९५० मध्ये कम्युनिस्टांच्या दमनाचा कायदा आला. ‘द गार्डियन’वर १९५२ मध्ये बंदी आली, तेव्हा तेच पत्र दुसऱ्या नावाने निघाले. त्या नावावर गदा आली की तिसरे नाव घेतले जाई. ‘न्यू एज’ हे त्यांतलेच एक. १९४९ मध्ये रूथ यांनी वकील आणि कम्युनिस्ट कार्यकर्ते जो स्लोवो यांच्याशी विवाह केला. शॉन, जिलियन आणि रॉबिन या तीन मुली झाल्या. १९५६ मध्ये देशद्रोहाच्या गाजलेल्या खटल्यात १५६ जणांना पकडले गेले. त्यांत पती-पत्नी दोघेही होते. तो खटला १९६१ पर्यंत चालला आणि शेवटी एकाही आरोपीवर दोष सिद्ध झाला नाही. पण बंदीहुकमांनी रूथ यांचे सभांना जाणे थांबवले आणि नंतर वृत्तपत्रात लिहिण्याचा हक्कही हिरावला. नामिबियाच्या, म्हणजे तेव्हाच्या नैर्ऋत्य आफ्रिकेच्या, शोषणावरचे त्यांचे पुस्तक १९६३ मध्ये परदेशात प्रसिद्ध झाले. मायदेशात ते बाळगणेही गुन्हा ठरला.

लिहिण्याची वाट बंद झाल्यावर त्या ग्रंथपालनाचा अभ्यास करू लागल्या. ९ ऑगस्ट १९६३ रोजी विद्यापीठाच्या ग्रंथालयातूनच पोलिसांनी त्यांना नेले. त्या वर्षी आलेल्या कायद्याने पोलिसांना कोणालाही आरोपपत्राविना नव्वद दिवस एकांतवासात ठेवता येत होते. भेटायला वकील नाही, वाचायला बायबलशिवाय पुस्तक नाही. चौकशीसाठी मात्र अधिकारी वारंवार येत. नव्वदावा दिवस उजाडला, सुटकेचा हुकूम निघाला, त्या बाहेर आल्या आणि घरी परतण्यापूर्वी फुटपाथवरच त्यांना पुन्हा अटक झाली. एकूण ११७ दिवस त्या कैदेत होत्या.

या काळात त्या खचल्या. चौकशी अधिकाऱ्यांना थोडेसे सांगून त्यांना काय ठाऊक आहे ते काढून घेता येईल, अशा समजुतीने त्यांनी निवेदन द्यायला सुरुवात केली. हा खेळ आपल्या हातचा नाही हे कळताच त्या थांबल्या. पण सहकाऱ्यांचा विश्वासघात आपल्या हातून होईल या भीतीने त्यांना ग्रासले आणि त्यांनी जीवन संपवण्याचाही प्रयत्न केला. त्यातून त्या वाचल्या. १९६५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘११७ डेज’ या पुस्तकात त्यांनी हे सारे निर्मळपणे लिहिले. तुरुंगाच्या आठवणी लिहिणारे पुष्कळदा आपल्या निर्धाराची कथा सांगतात. रूथ यांनी आपल्या भीतीचीही नोंद ठेवली. एकांतवास हा माणसाला आतून मोडण्याची यंत्रणा कसा असतो, हे म्हणूनच त्या पुस्तकातून इतके नेमके कळते.

मार्च १९६४ मध्ये मुलींना घेऊन त्यांनी देश सोडला. पती आधीच बाहेर होते. मायदेशी परतणे त्यांच्या नशिबी नव्हते. लंडनमधील वर्षांत त्यांनी मंडेला यांची भाषणे आणि लेख, गोव्हन म्बेकी यांचे शेतकरी उठावांवरील लेखन, केनियाचे ओगिंगा ओडिंगा यांचे आत्मचरित्र अशा पुस्तकांच्या संपादनाचे काम केले. ‘द बॅरल ऑफ अ गन’ हा त्यांचा ग्रंथ १९७० मध्ये आला. आफ्रिकेतील नवस्वतंत्र देशांत लष्करी उठाव का होतात, याचा तो शोध होता. स्वातंत्र्य मिळाले म्हणून कोणतेही सरकार टीकेच्या पलीकडे जात नाही, ही त्यांची धारणा होती. स्वपक्षालाही त्यांनी सूट दिली नाही. सोव्हिएत संघाच्या धोरणांवरून पतीशी त्यांचे कडाक्याचे वाद होत. चळवळीत राहूनही त्यांनी स्वतःची बुद्धी कोणाकडे गहाण ठेवली नाही.

इंग्लंडमधील डरहॅम विद्यापीठात काही वर्षे अध्यापन केल्यावर त्यांना आफ्रिकेची ओढ स्वस्थ बसू देईना. मोझांबिक १९७५ मध्ये पोर्तुगीज सत्तेतून मुक्त झाला होता. राजधानी मापुतोच्या विद्यापीठाला एदुआर्दो मोंडलाने यांचे नाव देण्यात आले होते. हे रूथ यांचे विद्यार्थिदशेतील मित्र. मोझांबिकच्या मुक्तिलढ्याचे नेतृत्व करताना ३ फेब्रुवारी १९६९ रोजी दार-एस-सलाम येथे टपालातून आलेल्या बॉम्बने त्यांचा बळी घेतला होता. त्या विद्यापीठातील आफ्रिकी अध्ययन केंद्राचे संचालक होते आकिनो द ब्रागांझा. बार्देश तालुक्यात १९२४ मध्ये जन्मलेल्या या गोमंतकीयाने पत्रकार म्हणून पोर्तुगीज वसाहतींच्या मुक्तिलढ्यांना वाहून घेतले होते. त्यांच्या केंद्रात रूथ संशोधन विभागाच्या प्रमुख झाल्या.

तिथे त्यांनी हाती घेतलेला विषय पाहिला की त्यांच्या आयुष्यातला धागा स्पष्ट दिसतो. मोझांबिकमधून पिढ्यान्पिढ्या पुरुष दक्षिण आफ्रिकेतील सोन्याच्या खाणींत मजुरीला जात. पोर्तुगीज राजवटीने त्यासाठी दक्षिण आफ्रिकेशी करार केले होते. मजुराच्या वेतनाचा एक भाग राखून ठेवला जाई आणि त्यापोटी पोर्तुगालच्या तिजोरीत अधिकृत दराने सोने जमा होई. मजुराला ती रक्कम गावी परतल्यावर स्थानिक चलनात मिळे. म्हणजे घाम मोझांबिकच्या शेतकऱ्याचा आणि सोने लिस्बनचे. रूथ आपल्या विद्यार्थ्यांना घेऊन खेड्यांत गेल्या, परतलेल्या खाणकामगारांच्या मुलाखती घेतल्या, त्यांची कामाची गाणी टिपून ठेवली. एकवीस वर्षांच्या वयात ज्या खाणकामगारांच्या संपाने त्यांना नोकरी सोडायला लावली होती, त्यांच्याच घरांपर्यंत त्या आता पोहोचल्या होत्या. हे संशोधन ‘ब्लॅक गोल्ड’ या नावाने १९८३ मध्ये प्रसिद्ध झाले. ते पाहायला त्या नव्हत्या.

१७ ऑगस्ट १९८२ रोजी केंद्रातील कचेरीत आपल्या नावे आलेले टपाल उघडताना स्फोट झाला आणि रूथ जागीच गेल्या. वय सत्तावन्न. ब्रागांझा आणि अन्य सहकारी जखमी झाले. चारच वर्षांनी, १९ ऑक्टोबर १९८६ रोजी, मोझांबिकचे अध्यक्ष समोरा माशेल यांच्यासोबत विमान अपघातात ब्रागांझा यांचाही अंत झाला. गोव्याच्या मातीत जन्मलेला हा माणूस आफ्रिकेच्या इतिहासात असा विलीन झाला. त्याची ओळख आपल्याकडे अद्याप पुरेशी झालेली नाही.

स्फोटके दक्षिण आफ्रिकेच्या सुरक्षा पोलिसांनी पाठवली होती. लोकशाही आल्यानंतर क्रेग विल्यमसन या अधिकाऱ्याने सत्य आणि समेट आयोगापुढे त्याची कबुली देऊन माफी मागितली. तिन्ही मुलींनी त्याला विरोध केला. २००० मध्ये माफी मंजूर झाली. देशाने समेटासाठी दिलेली ती किंमत होती आणि ती या कुटुंबाच्या हिश्शाला आली.

मुलींनी त्याआधीही पुष्कळ मोजले होते. आईला पोलीस नेत आहेत, वडील भूमिगत आहेत आणि का ते कोणी सांगत नाही, अशा घरात त्या वाढल्या. शॉन यांनी त्या अनुभवावर ‘अ वर्ल्ड अपार्ट’ या चित्रपटाची पटकथा लिहिली, जिलियन यांनी कुटुंबाची कहाणी पुस्तकरूपाने मांडली. दोघींच्या लेखनात आईविषयीचा अभिमान आहे आणि ती आपल्या वाट्याला कमी आली याचे दुःखही आहे. मोठ्या माणसांच्या चरित्रांत मुलांची ही बाजू सहसा झाकली जाते. या घरात ती झाकली गेली नाही. सत्य लिहून ठेवायचे, ते आपल्याला अडचणीचे असले तरी, हा संस्कार मुलींनी आईकडूनच घेतला असावा.

रूथ फर्स्ट यांची समाधी मापुतोतच आहे. ज्या विट्वॉटर्सरँड विद्यापीठाच्या ग्रंथालयातून त्यांना पकडून नेले, तिथे आता त्यांच्या नावाने स्मृतिव्याख्यान होते आणि पत्रकारांना पाठ्यवृत्ती दिली जाते. एखादी वस्तू आपल्याला स्वस्त मिळते तेव्हा तिची उरलेली किंमत कोण मोजतो, हे विचारणे म्हणजे पत्रकारिता, अशी त्यांची समज होती. बेथलचे बटाटे आज कोणाच्या स्मरणात नसतील, पण परगावी राबणारा आणि कागदपत्रांच्या धाकात जगणारा मजूर सगळ्याच देशांत आहे. त्याच्यापर्यंत जाऊन, मोजून, तपासून लिहिणारे हात मात्र आजही मोजकेच आहेत.