फादर ग्रेगोर मेंडेल : उपजत आणि लाभलेले

आनुवंशिकताशास्त्राचे जनक ग्रेगोर मेंडेल हे ऑगस्टिनियन संघाचे धर्मगुरू होते, हे शाळेत जीवशास्त्राच्या तासाला बहुधा सांगायचे राहून जाते. आणखीही एक गोष्ट राहून जाते. हा थोर संशोधक मनाने अतिशय हळवा होता. ताण असह्य झाला की अंथरूण धरी.

ऑस्ट्रियन साम्राज्यातील सायलेशिया प्रांतात, आजच्या चेक प्रजासत्ताकातील एका खेड्यात, जुलै १८२२ मध्ये शेतकरी कुटुंबात त्यांचा जन्म झाला. बाप्तिस्म्याचे नाव योहान. १८३८ साली झाडाचा ओंडका अंगावर पडून वडील जायबंदी झाले आणि योहानच्या शिक्षणाचा आधार तुटला. शिकवण्या करून पोट भरणारा हा मुलगा आजारी पडून अनेक महिने घरी राहिला. त्या वेळी धाकटी बहीण तेरेझिया हिने आपल्या लग्नासाठी ठेवलेल्या पैशांतील वाटा त्याला दिला आणि शिक्षण पुढे चालू झाले. पुढे मेंडेल यांनी तिच्या तिन्ही मुलांच्या शिक्षणाचा भार उचलला. त्यांपैकी दोघे डॉक्टर झाले.

१८४३ साली ते ब्रनो येथील संत थॉमस मठात दाखल झाले व त्यांना ग्रेगोर हे नाव मिळाले. १८४७ मध्ये गुरुदीक्षा झाली. धर्मग्रामातील सेवेत मात्र रुग्ण व मरणासन्न लोकांच्या भेटींनी त्यांची प्रकृती ढासळली. रुग्णभेट हे तर धर्मगुरूचे नित्यकर्म! ते न झेपणाऱ्या तरुणाला नालायक ठरवणे सोपे होते. मठाधिपती सिरिल नॅप यांनी तसे केले नाही. त्यांनी मेंडेल यांना त्या कामातून मोकळे करून १८४९ साली झ्नॉयमो येथे शिक्षक म्हणून धाडले. शिक्षकपदाच्या परीक्षेत ते १८५० मध्ये नापास झाले, तेव्हा नॅप यांनी त्यांना व्हिएन्ना विद्यापीठात पाठवले. १८५६ मध्ये पुन्हा परीक्षेला बसले असता ते आजारी पडून परतले. बदली शिक्षक म्हणूनच त्यांनी वर्षानुवर्षे शिकवले.

त्याच १८५६ सालापासून मठाच्या बागेत वाटाण्याचे प्रयोग सुरू झाले. आठ वर्षांत सुमारे २८,००० रोपे त्यांच्या हाताखालून गेली. बापाकडून व आईकडून आलेले गुण पुढच्या पिढ्यांत कोणत्या प्रमाणात उतरतात, याचे नियम त्यांनी १८६५ साली मांडले. ते नियम रोपाच्या उंचीचे, दाण्याच्या रंगाचे. माणसाच्या स्वभावाचे गणित इतके सरळ नसते. तेथे अनेक जनुके आणि भोवतालची माणसे व परिस्थिती एकत्र काम करतात.

१८६८ मध्ये ते मठाधिपती झाले व ६ जानेवारी १८८४ रोजी मूत्रपिंडाच्या विकाराने निवर्तले. त्यांच्या कार्याची महती जगाला १९०० साली कळली.

द्विशताब्दीनिमित्त २०२१ मध्ये संशोधकांनी त्यांचे अवशेष कबरीतून काढून त्यांचा डीएनए तपासला. मधुमेह, हृदय व मूत्रपिंड यांच्या विकारांशी निगडित जनुकभेद त्यात आढळले; तसेच अपस्मार व मज्जासंस्थेच्या तक्रारींशी जोडलेलाही एक सापडला. त्यांचा हळवेपणा त्यातूनच आला असावा, असा तर्क झाला. तेरेझियाने दिलेले पैसे आणि नॅप यांनी दाखवलेली समजूत यांची नोंद मात्र कोणत्याही डीएनएत सापडणारी नव्हती.